पुस्तकं शोधायला अजूनही एक नंबर: लायब्ररीचं ओपन शेल्फ

आधीच सांगून टाकते, साडेचार स्टार. अर्धा का कापला ते खाली येईलच, आणि तो अर्धा तसा बऱ्यापैकी मोठा अर्धा आहे.

रिव्ह्यू कशाचा, तर लायब्ररीतल्या ओपन शेल्फचा. म्हणजे काउंटरवर चिठ्ठी द्यायची आणि आतून कोणीतरी पुस्तक आणून देणार, तसलं नाही. आपण स्वतः कपाटांच्या मधे घुसायचं, काढायचं, चाळायचं, नाही पटलं तर टेबलावर ठेवून द्यायचं. ग्रंथालयवाले याला मुक्तद्वार पद्धत म्हणतात. ज्याला नक्की कुठलं पुस्तक हवंय ते माहितीये त्याच्यासाठी हा रिव्ह्यू नाहीच, त्याने सर्चमध्ये नाव टाकावं, झालं काम. हा त्यांच्यासाठी आहे ज्यांना कळतंय की आपण गेली कित्येक वर्षं एकाच टाइपचं वाचतोय, थ्रिलर तर थ्रिलर, सेल्फ-हेल्प तर सेल्फ-हेल्प, आणि आता काहीतरी एकदम वेगळं हवंय पण 'वेगळं' म्हणजे काय तेच सुचत नाहीये.

आता तुम्ही म्हणाल ॲप्स आहेत की. आहेत, आणि मी वापरते पण. पण ती चालतात कशी ते बघा. 'ज्यांनी हे घेतलं त्यांनी तेही घेतलं' हे जे गणित आहे ते ॲमेझॉनच्या इंजिनियर्सनी २००३ मध्ये पेपर लिहून नीट समजावलंय, साधारण असं की कुठल्या दोन वस्तू एकाच माणसाच्या यादीत सारख्या सारख्या येतात ते मोजायचं आणि एक घेतली की दुसरी पुढे करायची. हुशार आहे, काम पण करतं. पण त्यात एक गोची आहे, तुम्ही ज्या विषयाला कधी हातच लावला नाही त्या विषयाबद्दल तुमच्याकडून त्याला काहीच माहिती मिळालेली नसते, त्यामुळे ते तुम्हाला तिकडे नेणार तरी कशाच्या जोरावर? मग तुम्ही पाच खुनाच्या गोष्टी वाचल्या की सहावी खुनाचीच येते. तक्रार करण्यासारखं काही नाही, त्याला सांगितलेलं कामच ते आहे.

गुडरीड्स ही वाचकांची साइट २००७ पासून आहे, २०१३ मध्ये ॲमेझॉनने विकत घेतलं, तिथे सगळ्यात कामाची गोष्ट मला रेकमेंडेशन वाटत नाही, लोकांनी बनवलेल्या याद्या वाटतात. स्टोरीग्राफ नावाच्या तसल्याच दुसऱ्या ॲपवर मूड, वेग, पानांची संख्या असं सगळं निवडता येतं आणि पाव-पाव स्टार पण देता येतो, ज्यांना साडेतीन की पावणेचार यावर विचार करायला आवडतो त्यांच्यासाठी सोय चांगली आहे. लिटरेचर-मॅप नावाची साइट आहे तिथे एका लेखकाचं नाव टाकलं की आजूबाजूला बाकीच्या लेखकांची नावं तरंगायला लागतात, जितकं जवळ तितकी आवड जुळण्याची शक्यता जास्त. बघायला मजा येते, अर्धा तास कुठे जातो कळत नाही, पण तिथे पण तेच, जवळचं ते जवळचं. उलट्या दिशेने विचार केला तो लायब्ररीथिंगवाल्यांनी (आपल्या घरच्या पुस्तकांची यादी ठेवायची साइट), २००६ मध्ये त्यांनी 'अनसजेस्टर' आणलं होतं, तुम्ही एका पुस्तकाचं नाव द्या आणि ते पुस्तक ज्यांच्याकडे आहे त्यांच्या कपाटात सापडण्याची शक्यता सगळ्यात कमी असलेलं पुस्तक ते दाखवणार. अर्धी थट्टाच होती ती पण आयडिया म्हणून मला बाकी सगळ्यांपेक्षा जास्त आवडली.

शेल्फ या सगळ्यापेक्षा मंद आहे. त्याला तुमचं नाव माहीत नाही, तुम्ही गेल्या महिन्यात काय वाचलं माहीत नाही, तुमचं वय, मूड, काही म्हणजे काहीच माहीत नाही. आणि माझं म्हणणं असं की म्हणूनच ते भारी आहे. पुस्तक कुठे ठेवायचं हे ठरवताना फक्त पुस्तकात काय आहे ते बघितलंय, तुम्ही कोण आहात ते बघितलेलं नाही, त्यामुळे तुमच्या आवडीच्या पुस्तकाच्या शेजारी जे येतं ते तुमच्या आवडीचंच असेल असं अजिबात नाही. ते एकाच विषयातलं असतं फक्त. आणि विषय म्हणजे काय याच्या व्याख्या इतक्या विचित्र आहेत की मजा तिथेच सुरू होते.

बऱ्याच लायब्ऱ्यांमध्ये पुस्तकाच्या कण्यावर जो नंबर चिकटवलेला असतो ना, तो बहुतेक वेळा ड्युई दशांश वर्गीकरणाचा असतो. मेल्व्हिल ड्युई नावाच्या चोविशीतल्या माणसाने अमेरिकेत १८७६ मध्ये ४४ पानांची छोटीशी पुस्तिका काढली त्यातून हे सुरू झालं. त्याच्या आधी खूप ठिकाणी पुस्तकाचा नंबर म्हणजे त्याची जागा असायची, अमुक कपाट, अमुक फळी, डावीकडून सातवं. म्हणजे नवीन पुस्तक आलं की ते मधे घुसवायची सोयच नाही, जिथे जागा रिकामी तिथे जाणार. ड्युईने नंबर कपाटाचा काढून विषयाला दिला. आणि दशांश चिन्ह वापरल्यामुळे दोन विषयांच्या मधे पाहिजे तितके नवीन विषय बसवता येतात. ज्ञानाचे दहा मोठे भाग, प्रत्येकाचे दहा, त्याचे परत दहा, असे ००० पासून ९९९ पर्यंत हजार कप्पे आणि मग पॉइंट देऊन पुढे कितीही. ५०० म्हणजे विज्ञान, ५९० म्हणजे प्राणी, ५९५.७ कीटक, ५९५.७९९ मधमाश्या. आकडे वाढत गेले की विषय बारीक होत जातो, एवढं कळलं की पुरे, बाकी काही पाठ करायला नको.

आता शेजारपाजार बघा कसे आहेत. (प्रत्येक लायब्ररी थोडं इकडेतिकडे करते, त्यामुळे तुमच्याकडे एखादा आकडा वेगळा दिसला तर मला शिव्या देऊ नका.)

६५२ ला जा. हा सगळा भाग ऑफिस, मॅनेजमेंट, जाहिरात असल्या पुस्तकांचा, बिझनेसवाले लोक सोडून कोणी फिरकत नाही. तिथे ६५२.१ ला सुंदर हस्ताक्षर, ६५२.३ ला टायपिंग, ६५३ ला शॉर्टहँड, आणि यांच्या बरोब्बर मधे ६५२.८ ला काय, तर गुप्तलिपी. कोड फोडणं, युद्धातले सांकेतिक निरोप, हेरगिरी, सगळं हस्ताक्षर सुधारायच्या पुस्तकांच्या शेजारी! कारण ज्याने हे आखलं त्याच्या हिशोबाने गुप्तलिपी म्हणजे लिहिण्याचाच एक प्रकार. कुठलं ॲप हस्ताक्षराचं पुस्तक बघणाऱ्याला कोडब्रेकिंगचा इतिहास दाखवेल सांगा. आणि एकदा दोन्ही शेजारी बघितलं की वाटतं, अरे खरंच की, दोन्हीत प्रश्न एकच आहे, लिहिलेलं कोणाला वाचता यावं आणि कोणाला येऊ नये.

कॉम्प्युटर ००४ ते ००६ मध्ये आहेत, म्हणजे अगदी पहिल्या कपाटात. यामागे काही मोठं तत्त्वज्ञान आहे असं वाटेल पण ड्युईच्या काळात कॉम्प्युटर होते कुठे, नंतर १९८५ च्या दुरुस्तीत ही वापरात नसलेली जागा त्यांना दिली गेली. आणि तिथून एका हाताच्या अंतरावर ००१.९ आहे, तिथे उडत्या तबकड्या आणि न सुटलेली रहस्यं. प्रोग्रॅमिंगची जाडजूड पुस्तकं आणि परग्रहवासी यांच्यात फळीचा एक तुकडा.

स्वप्नं दोन ठिकाणी आहेत. १३५.३ ला स्वप्नांचे अर्थ सांगणारी, भुताखेतांच्या आणि भविष्याच्या शेजारी, आणि १५४.६३ ला मानसशास्त्रातली. दोन्हींच्या मधे जेमतेम एका कपाटाचं अंतर असतं. दोन्हीकडून एकेक उचला आणि एकाच आठवड्यात वाचा, मी सांगते, एकाच विषयावर दोन वेगळ्या जमातींची माणसं कशी बोलतात हे याच्याइतकं स्वस्तात कुठे बघायला मिळणार नाही. लोककथा साहित्यात सापडत नाहीत, त्या ३९८.२ ला, समाजशास्त्राच्या भागात, आणि त्यांच्यासोबत ३९८.६ ला कोडी, ३९८.९ ला म्हणी. त्याच्या जरा आधी ३९१ ला कपडे आणि फॅशन, ३९३ ला अंत्यसंस्कारांच्या पद्धती, ३९५ ला शिष्टाचार, आणि ३८९ ला वजनं-मापं. हा ३८० ते ३९९ चा पट्टा माझ्या मते अख्ख्या लायब्ररीतला सगळ्यात दुर्लक्षित आणि सगळ्यात भन्नाट पट्टा आहे, पोस्ट, रेल्वे, जहाजं, मीटर-किलो कसे ठरले, माणसं काय घालायची, कसं पुरायची, काय गोष्टी सांगायची. कादंबऱ्यावाल्यांनी तर इथे तंबूच ठोकावा.

आणि ५२६ ते ५२९, चारच आकडे: नकाशे कसे काढतात, ताऱ्यांवरून समुद्रात दिशा कशी काढतात, ग्रहताऱ्यांच्या जागांचे तक्ते, आणि कॅलेंडरं. चारही गोष्टींचं मूळ एकच, आकाशाकडे बघून जमिनीवर आपण कुठे आहोत आणि आज कुठला दिवस आहे ते ठरवणं. हे मला कोणी शिकवलं नव्हतं, फळीने शिकवलं. तिथलं एखादं कॅलेंडरवरचं पुस्तक उघडून बघा, १५८२ च्या ऑक्टोबरमधले दहा दिवस काही देशांनी एका रात्रीत गाळून टाकले होते, ४ तारखेनंतर थेट १५, ही भानगड का करावी लागली ते वाचायला लागलात की तुम्ही खगोलशास्त्रात आहात, इतिहासात आहात की राजकारणात हे सांगता येत नाही.

हे असं का होतं यावर एका माणसाने नीट विचार करून ठेवलाय. एस. आर. रंगनाथन. मुळात गणिताचे प्राध्यापक, १९२४ मध्ये मद्रास विद्यापीठाचे ग्रंथपाल झाले, १९३१ मध्ये ग्रंथालयशास्त्राचे पाच नियम मांडले आणि १९३३ मध्ये ड्युईपेक्षा वेगळी स्वतःची वर्गीकरण पद्धत काढली. ते पाच नियम बऱ्याच लायब्ऱ्यांच्या भिंतीवर असतात आणि कोणी वाचत नाही, त्यातला दुसरा 'प्रत्येक वाचकाला त्याचं पुस्तक' आणि तिसरा 'प्रत्येक पुस्तकाला त्याचा वाचक'. दुसरा सगळ्यांना कळतो. तिसरा खरा खतरनाक आहे कारण तिथे बाजू पुस्तकाची घेतलीये, म्हणजे कोपऱ्यात धूळ खात बसलेल्या त्या मधमाश्यांच्या पुस्तकाचाही कुठेतरी एक वाचक आहे, तो स्वतःहून मागायला येणार नाही कारण त्याला माहीतच नाही हे पुस्तक आहे म्हणून, तर दोघांची गाठ पडायची सोय करा. ओपन शेल्फ पाहिजे म्हणून त्यांनी जो आग्रह धरला त्यामागे हेच.

रंगनाथनांनी फळीवरच्या मांडणीचा पण एक नमुना सांगितलाय. ग्रहणात कशी मधे दाट छाया असते, कडेला विरळ छाया आणि त्याच्या बाहेर उजेड, तसं. तुम्हाला हव्या असलेल्या विषयाची पुस्तकं मधोमध, त्यांच्या दोन्ही बाजूंना थोडी संबंध असलेली, आणि आणखी लांब गेलं की संबंध नसलेली. चांगल्या मांडणीत हा बदल हळूहळू होतो. बहुतेक जण दाट छायेत उभे राहतात, हवं ते उचलतात आणि जातात. आपल्याला उभं राहायचंय ते विरळ छायेत. म्हणजे आपल्या आवडीच्या पुस्तकापासून डावीकडे-उजवीकडे दीड-दोन हात, तिथे विषय अजून ओळखीचा असतो पण आपण त्यातलं काही वाचलेलं नसतं. पार टोकाला जाऊन डोळे मिटून पुस्तक उचललं तर ते बहुतेक वेळा तिसऱ्या पानावर सुटतं, हे बघितलंय मी, रँडमचा फार उदो उदो करू नये.

लांब उडी मारायचीच असेल तर साखळी करा. समजा तुम्ही खुनाच्या खऱ्या गोष्टी वाचणारे आहात, म्हणजे तुमचा मुक्काम ३६४.१५२३. तिथून मागे ३६३.२५, पोलीस तपास कसा करतात. त्या पुस्तकांत सतत डॉक्टरांचे रिपोर्ट येतात तर ६१४.१, न्यायवैद्यक. तिथून विषावरची पुस्तकं, ६१५.९. आणि विष म्हटलं की झाडं आलीच, ५८१.६५९ ला विषारी वनस्पती. चार उड्यांत खुनाच्या गोष्टींवरून बॉटनीत आलात, आणि प्रत्येक उडीला मागच्या पुस्तकाने कारण दिलं. बुद्धिबळवाल्यांसाठी ७९४.१ वरून ५१९.३, म्हणजे गणितातली गेम थिअरी, तिथून ००६.३ आर्टिफिशियल इंटेलिजन्स, तिथून १५३.१ स्मरणशक्ती कशी चालते. यात कष्ट एवढेच की कपाटातून कपाटाकडे चालायचं.

उडीचा आकडा कुठून मिळणार? कॅटलॉगमध्ये विषय टाका आणि पुस्तकांची नावं बघू नका, नुसते कॉल नंबर बघा, म्हणजे कण्यावर असतो तोच आकडा. एकच विषय दोन-तीन वेगवेगळ्या ठिकाणी निघतो तेव्हा जॅकपॉट. मधमाशी कीटक म्हणून ५९५.७९९ ला आणि मध देणारी म्हणून ६३८.१ ला. रेल्वे वाहतूक म्हणून ३८५ ला आणि रूळ बांधणं म्हणून ६२५.१ ला. ड्युईने त्याच्या पुस्तिकेला जोडलेली सूची याच कामासाठी होती, एक शब्द आणि त्याच्यापुढे तो कुठे कुठे राहतो ते सगळे पत्ते. कल्पना करा, एकच गोष्ट शास्त्रज्ञाला कशी दिसते आणि धंदेवाल्याला कशी दिसते याचे दोन पत्ते तुम्हाला आयते मिळतात.

आणखी एक जागा म्हणजे परत आलेल्या पुस्तकांची ट्रॉली. शेल्फपेक्षा पण भारी. तिथे वर्गीकरण नाही, मांडणी नाही, लोकांनी नुकतं वाचून आणून टाकलेलं सगळं एकमेकांवर. मुद्दा असा की शेल्फवर जे दिसतं ते कोणी नेलेलं नसतं म्हणून दिसतं, चांगली पुस्तकं कायम बाहेर फिरत असतात. त्यामुळे एखाद्या विषयाची फळी बघून 'ह्या विषयात काही दम नाही' असं ठरवू नका, दम बाहेर गेलेला असू शकतो. ट्रॉलीवर तो परत येताना दिसतो.

अनोळखी विषयातलं पुस्तक चांगलं की वाईट कसं ओळखायचं हा प्रश्न येणारच, कारण इथे रेटिंग नाही, रिव्ह्यू नाही. मागच्या कव्हरवरचं कौतुक तर सोडूनच द्या, 'वाचायलाच हवं' असं प्रत्येक पुस्तकावर लिहिलेलं असतं. मी आधी कॉपीराइटचं पान बघते, कुठल्या वर्षीचं आहे आणि कितव्यांदा छापलंय. मेडिकल, कॉम्प्युटर, जेनेटिक्स असेल तर जुनं पुस्तक फक्त इतिहास म्हणून वाचायचं, पण गणित, प्रवासवर्णन, गाठी कशा मारायच्या, यात पन्नास वर्षं जुनं असलं तरी काही बिघडत नाही. मग शेवटची पानं. संदर्भसूची आहे का, शब्दसूची नीट आहे का, एखादा शब्द मला थोडाफार माहितीये असा सूचीत शोधायचा आणि त्या पानावर लेखक काय म्हणतो ते वाचायचं. जिथे मला थोडं कळतं तिथेच तो बंडल मारत असेल तर जिथे मला काहीच कळत नाही तिथे काय करत असेल? आणि मग मधलं कुठलं तरी पान. पहिलं पान लेखकाने वीस वेळा घासलेलं असतं, एकशे चाळिसाव्या पानावर तो खरा कसा लिहितो ते कळतं. एवढं करायला पाच मिनिटं लागतात आणि उभ्या उभ्या होतं. त्यातून आवडलं तर संदर्भसूचीच पुढच्या पुस्तकांची यादी, तिला फॉलो करायला अकाउंट काढावं लागत नाही.

बरं आता तो अर्धा स्टार.

ही सगळी मांडणी एका विशिष्ट माणसाने एका विशिष्ट काळात केलीये आणि ते जागोजागी दिसतं. धर्माचा २०० चा भाग घ्या, त्यात २३० ते २८९ सगळं ख्रिश्चन धर्माला आणि जगातले बाकीचे सगळे धर्म २९० च्या दहा आकड्यांत कोंबलेले. हिंदू २९४.५, बौद्ध २९४.३, इस्लाम २९७. साहित्यात इंग्रजीला अख्खा ८२०, अमेरिकन लोकांना वेगळा ८१०, आणि आपली मराठी कुठे, तर ८९१.४६, 'इतर' च्या पोटात पॉइंटनंतर. फ्री ब्राउझिंग म्हणून आपण जे करतो ते याच नकाशावर, म्हणजे कोणाच्या शेजारी कोण येणार आणि कोणाला किती फळ्या मिळणार हे आधीच कोणीतरी ठरवलंय. अमेरिकेत हॉवर्ड विद्यापीठात डोरोथी पोर्टर नावाच्या ग्रंथपाल होत्या, १९३० पासून तिथे. त्यांच्या लक्षात आलं की कृष्णवर्णीय लेखकांची पुस्तकं, मग त्या कविता का असेनात, सर्रास ३२५ म्हणजे वसाहती आणि ३२६ म्हणजे गुलामगिरी या दोन आकड्यांत टाकलेली असतात. त्यांनी ते मान्य केलं नाही आणि आपल्या संग्रहात कविता कवितेत, इतिहास इतिहासात असं सगळं नव्याने लावलं. हे वाचल्यापासून मला कुठल्याही फळीसमोर उभं राहिलं की एक प्रश्न पडतो, इथे कोण असायला हवं होतं आणि नाहीये? खुद्द ड्युई पण काही फार भला माणूस नव्हता, त्याचं बायकांशी आणि ज्यू, कृष्णवर्णीय लोकांशी वागणं असं होतं की अमेरिकन लायब्ररी असोसिएशनने २०१९ मध्ये आपल्या पदकावरून त्याचं नाव काढून टाकलं. अर्ध्या स्टारातला मोठा भाग या सगळ्याचा.

उरलेला भाग कादंबऱ्यांचा. बऱ्याच लायब्ऱ्या कथा-कादंबऱ्या वेगळ्या काढतात आणि लेखकाच्या आडनावाने लावतात. तिथे शेजार संपला! आडनाव एका अक्षराने सुरू होतं म्हणून दोन माणसं शेजारी, बाकी काही संबंध नाही. काही ठिकाणी रहस्य, विज्ञानकथा, प्रेमकथा असे स्टिकर लावून वेगवेगळे स्टँड करतात, सोयीचं वाटतं पण मग वाचक आपापल्या स्टँडला चिकटतात, म्हणजे परत ॲपचाच प्रकार. उलट टोकाला, अमेरिकेतल्या ॲरिझोनात एका लायब्ररीच्या नवीन शाखेने २००७ मध्ये ड्युई पूर्णच काढून टाकलं आणि पुस्तकांच्या दुकानासारखे मोठे मोठे विषय लावले. दुकानात हिंडायला मला पण आवडतं, पण तिथे समोर काय मांडायचं ते विक्री ठरवते, आणि सहा महिन्यांत खपलं नाही ते परत जातं. ते न खपणारं मधमाश्यांचं पुस्तक लायब्ररीतच टिकतं.

छोटी कटकट अजून एक, चुकीच्या जागी परत ठेवलेलं पुस्तक म्हणजे हरवलेलंच समजा. कृपया स्वतः परत लावू नका, टेबलावर किंवा ट्रॉलीत ठेवा. बऱ्याच ठिकाणी तशी पाटीच असते, आणि नुसतं चाळलेलं पुस्तक पण वापरात आहे हे त्यावरून स्टाफला कळतं.

ज्यांच्या आवाक्यात ओपन शेल्फ नाहीच त्यांनी काय करायचं? ओपन लायब्ररी म्हणून इंटरनेट अर्काइव्ह नावाच्या संस्थेचा ऑनलाइन प्रकल्प आहे, छापल्या गेलेल्या प्रत्येक पुस्तकाचं एक पान असावं असं त्यांचं ध्येय. तिथे 'लायब्ररी एक्सप्लोरर' उघडलं की स्क्रीनवर फळ्या दिसतात, ड्युईप्रमाणे किंवा लायब्ररी ऑफ काँग्रेसच्या (अमेरिकेतली सगळ्यात मोठी सरकारी लायब्ररी) पद्धतीप्रमाणे, आणि तुम्ही आडवं सरकत राहायचं. खऱ्या फळीची सर नाही, पुस्तक किती जाड आहे, किती वापरलंय ते कळत नाही, पण विरळ छायेत भटकता येतं. वाचायला मिळेलच असं मात्र नाही, पुस्तकं ऑनलाइन उधार देण्यावरून प्रकाशकांनी २०२० मध्ये केलेल्या केसमध्ये इंटरनेट अर्काइव्ह हरलं, अपिलाचा निकाल पण २०२४ मध्ये विरोधात गेला, पाच लाखांहून जास्त पुस्तकं उधारीतून काढावी लागली. म्हणून तिथे फक्त आकडे आणि नावं हेरायची आणि पुस्तक दुसरीकडून मिळवायचं. जुनी, कॉपीराइट संपलेली चालत असतील तर प्रोजेक्ट गुटेनबर्ग ही फुकट ई-पुस्तकांची साइट आहेच, १९७१ पासूनचं, तिथे विषयांप्रमाणे कप्पे पण आहेत.

आणि जिथे पुस्तकं कुलपात किंवा काउंटरच्या मागे असतात तिथे एक करून बघा. पुस्तकाचं नाव मागू नका, आकडा मागा. '६५२ ते ६५३ ची सगळी बाहेर काढता का, इथेच बसून बघते' असं सांगायचं. गर्दी नसेल तर कधीकधी आत पण सोडतात. समोरचा माणूस आधी विचारणार, नक्की काय हवंय? तेव्हा सरळ सांगायचं, माहीत नाही हो, तेच बघायला आलेय.